सहा एकर, शेकडो ‘सीडर’ आणि यंत्र घेऊन उभा असलेला ठेकेदार

प्रश्न थोडक्यात असा आहे. टेक्सासात ऑस्टिनच्या पश्चिमेला, ड्रिपिंग स्प्रिंग्सच्या पुढे सहा एकर जागा घेतली आहे. निम्म्याहून जास्त भागावर सीडर माजलाय. शेजारी सांगतात की हे झाड बाहेरून आलेलं आहे, सगळं पाणी पितं, थंडीत ॲलर्जी आणतं, तेव्हा एकही ठेवू नका. ठेकेदार यंत्र लावून दोन दिवसांत माळ मोकळा करून द्यायला तयार आहे. विचारणाऱ्या बाईंच्या मनात मात्र वेगळीच रुखरुख आहे: सीडर म्हणजे आपला देवदार ना, मग देवदारावर करवत कशी चालवायची? आणि मोकळ्या जागेत एखादा देवदार लावता येईल का?

मी राहुरीला कृषीची पदवी घेऊन इकडे आलो. आधी न्यू मेक्सिकोत आणि मग टेक्सासात मिळून पंचवीसेक वर्षं याच झाडांमध्ये काढली आहेत. त्यामुळे उत्तर लांबणार आहे, चहा घेऊन बसा.

आधी रुखरुख दूर करतो. तुमच्या जागेवर देवदार नाही. खरे सीडर जगात मोजकेच: लेबनॉनचा, ॲटलास पर्वतातला, सायप्रसचा आणि आपल्या हिमालयातला देवदार. अमेरिकेच्या मातीत मूळचा सीडर एकही नाही. युरोपातून आलेल्या माणसांना इथं लालसर, वासाचं, न कुजणारं लाकूड दिसलं आणि त्यांनी ओळखीचं नाव देऊन टाकलं. पूर्वेकडचा ‘रेड सीडर’ हा जुनिपर, म्हणजे सरूच्या कुळातलं झाड आहे, कॅलिफोर्नियातला ‘इन्सेन्स सीडर’ तिसराच कोणी, तर वायव्येच्या पावसाळी किनाऱ्यावरचा ‘वेस्टर्न रेड सीडर’ हा थुजा. युटामध्ये १८५१ साली वसलेल्या गावाचं नाव सीडर सिटी, त्याच्या शेजारी १९३३ पासूनचं राष्ट्रीय स्मारक सीडर ब्रेक्स, आणि नाव ज्यांच्यावरून पडलं ती झाडं जुनिपर. हसायला नको, आपणही तेच करतो. कोकणच्या किनाऱ्यावरचा सुरू आणि बागेतला सरू, नावात एका उकाराचा फरक, झाडांचं नातं मात्र शून्य.

तुमचा सीडरही असाच एक जुनिपर, आणि त्याचा खरा नातेवाईक तुम्ही लहानपणी हातात धरलेला आहे. शाळेत पुस्तकात ‘विद्या’ म्हणून जे मोरपंखीचं पान ठेवायचो, ते याच कुळातलं. आज संध्याकाळी अंगणातल्या सीडरची एक डहाळी तोडून बोटांनी चुरडा. देवदाराला सुईसारखी पानं झुपक्याझुपक्यानं येतात आणि फांदीवर पिंपासारखा, रुबाबात ताठ बसलेला शंकू असतो. इथं सुया नाहीतच. एकावर एक चिकटलेले बारीक हिरवे खवले आहेत आणि वास येतो तो पेन्सिल तासल्यासारखा. निळसर मण्यांसारखी जी ‘फळं’ दिसतात ती वनस्पतिशास्त्राच्या भाषेत फळं नव्हेतच. ते शंकूच आहेत, फक्त त्यांचे खवले मांसल होऊन एकमेकांत मिटलेत.

आता कोणता जुनिपर, हे ठरवायला हवं, कारण पुढचं सगळं त्यावर आहे. ड्रिपिंग स्प्रिंग्सच्या चुनखडीच्या टेकड्यांवर असेल तर शंभरातले नव्वद-पंच्याण्णव वेळा तो ॲश जुनिपर असतो. जुनिपेरस ॲशेई. विल्यम विलार्ड ॲश नावाच्या वनअधिकाऱ्याच्या नावावरून १९३० साली हे नाव पडलं. ॲश म्हणजे राख, असं समजून ‘राखी रंगाचा सीडर’ म्हणणारे भेटतात, त्यांना सोडून द्या. ऑस्टिनच्या पूर्वेला, खोल मातीत, सरळ एका खोडाचा दिसतो तो ईस्टर्न रेड सीडर. आणि पश्चिमेला, कोरड्या भागाकडे जाल तसा रेडबेरी जुनिपर लागतो. हा तिसरा ओळखणं सगळ्यात महत्त्वाचं. त्याचे मणी निळे नसतात, तांबूस असतात. पानांवर भिंगातून पाहिलं तर राळेचे पांढरे ठिपके दिसतात. शिवाय जमिनीलगत एका गाठीतून पाच-सात खोडं फुटलेली असतात. ॲश आणि रेड सीडर जमिनीलगत, शेवटच्या हिरव्या पानाच्या खाली कापले की मेले. औषध लागत नाही, मुळं उकरावी लागत नाहीत. रेडबेरी मात्र उसाच्या खोडव्यासारखा पुन्हा फुटतो, पहिल्यापेक्षा दाट. माझ्याकडे आलेल्या एका गृहस्थांनी पश्चिमेकडच्या रानात चाळीस एकर रेडबेरी करवतीनं कापला होता आणि तिसऱ्या वर्षी विचारत होते की बी कुठून आलं. बी आलंच नव्हतं.

शेजाऱ्यांचं पहिलं विधान, हे झाड बाहेरचं आहे, साफ चूक. ॲश जुनिपर इथलाच आहे, पक्का स्थानिक. त्याचा पसारा वाढला, हे मात्र खरं. पूर्वी गवताळ माळ अधूनमधून पेटायचे. काही आगी विजेच्या, काही इथल्या मूळ रहिवाशांनी लावलेल्या. कोवळं जुनिपर त्यात जळून जायचं, आणि जुनं झाड टिकायचं ते कड्यांवर, घळींत, जिथं गवतच नाही म्हणून आग पोचत नाही अशा जागी. एकोणिसाव्या शतकाच्या शेवटी तारेची कुंपणं आली, गुरं, मेंढ्या, शेळ्या बेसुमार झाल्या, गवत मुळासकट खाल्लं गेलं. गवत गेलं तसं जळायला काही उरलं नाही, आग थांबली. पक्षी मणी खाऊन कुंपणावर बसतात आणि बी टाकतात. सीडर वॅक्सविंग, रॉबिन, शिवाय कोल्हे आणि रॅकून. आजही कुंपणाच्या तारेखाली जुनिपरची रांग उगवलेली दिसेल, कुणी ओळंबा लावून पेरल्यासारखी. कड्यावरचं झाड माळावर उतरलं ते असं, आपण दार उघडल्यावर.

आता पाणी. इथं मला जरा थांबायचं आहे, कारण या विषयावर जितकं छातीठोक बोललं जातं तितकं क्वचितच कशावर बोललं जात असेल.

एक सीडर दिवसाला तीसेक गॅलन पाणी पितो, हा आकडा तुम्ही ऐकलाच असेल. तो मोठ्या झाडाचा, जमिनीत भरपूर ओल असतानाचा आहे. रोजची सरासरी म्हणून तो सांगणं म्हणजे लग्नातल्या पंगतीवरून माणसाचा रोजचा आहार ठरवण्यासारखं. खरी गोष्ट पिण्यापेक्षा अडवण्याची आहे. कीथ ओवेन्स हे संशोधक आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी याच भागातल्या एडवर्ड्स पठारावर मोजमाप केलं. ॲश जुनिपरचा दाट शेंडा आणि खालचा पाल्याचा थर मिळून वर्षाच्या पावसाचा साधारण ४० टक्के भाग जमिनीला लागूच देत नाहीत. तो तिथल्या तिथं वाफ होऊन जातो. हलक्या सरीचं तर जवळपास सगळंच पाणी झाडावर संपतं. मोठा पाऊस कोसळला की मात्र हा हिस्सा बराच खाली येतो. म्हणजे पावसाची जात महत्त्वाची. ऑस्टिनला वर्षाला साधारण ९०० मिलिमीटर पडतो, पुण्यापेक्षा कमी नाहीच. पण तो लहरी. दोन महिने कोरडे आणि मग एका रात्रीत गुडघाभर. वर उन्हाचा तडाखा आणि खाली चुनखडीवर वीतभर माती. म्हणून आकडा मोठा असूनही जमीन कोरडवाहूच.

झाड काढलं की झरे वाहतात, याचं सगळ्यात गाजलेलं उदाहरण म्हणजे जे. डेव्हिड बॅम्बर्गर यांची ब्लँको काउंटीतली जागा. तळलेल्या कोंबडीच्या धंद्यात पैसा केलेल्या या माणसानं १९६९ साली मुद्दाम सगळ्यात वाया गेलेली जमीन घेतली. पुढं ती साडेपाच हजार एकर झाली. बोअर घेतले ते कोरडे गेले. मग त्यांनी माजलेला सीडर काढला, स्थानिक गवत पेरलं, आणि काही वर्षांत टेकडीतून झरे सुरू झाले. ही गोष्ट सांगणारे पहिलं वाक्य सांगतात, दुसरं गाळतात. गवत पेरलं. नुसती झाडं काढली नाहीत.

आता उलट बाजू. टेक्सास ए अँड एम विद्यापीठाचे ब्रॅडफर्ड विलकॉक्स आणि युन ह्वांग यांनी २०१० साली याच पठारावरच्या मोठ्या नद्यांच्या जुन्या नोंदी तपासल्या. झाडी वाढत गेली, पाऊस होता तेवढाच राहिला, आणि तरी नद्यांचा बारमाही प्रवाह कमी होण्याऐवजी जवळपास दुप्पट झाला. हे कसं? चराई कमी झाल्यावर उघडी पडलेली, खुरांनी दाबलेली जमीन पुन्हा झाकली गेली आणि पाणी मुरायला लागलं. झाकण गवताचं असलं तर उत्तम, जुनिपरचं असलं तरी उघड्या दगडापेक्षा कितीतरी बरं.

दोन्ही गोष्टी एकत्र ठेवल्यात की तुमच्या सहा एकरांचं उत्तर दिसायला लागतं. ‘पाणी अडवा, पाणी जिरवा’ ही भिंतीवरची पाटी बघत आपण मोठे झालो. पाणी मुरतं ते झाकलेल्या मातीत. तेव्हा झाड तोडू का, असं विचारण्याआधी तोडल्यावर ती माती कोण झाकणार, ते विचारा. माझ्या ओळखीच्या एका कुटुंबानं वसंताच्या सुरुवातीला बुलडोझर लावून एक अख्खा उतार सोलून काढला होता. दिसायला सुरेख, लांबवर नजर जात होती. मे महिन्यात एका रात्रीत मोठा पाऊस झाला. सकाळी मी गेलो तेव्हा उतारावर पांढरा दगड आणि खाली ओढ्यात काळी साय. वीतभर माती साठायला लागलेली शतकं त्या रात्री ओढ्याला मिळाली. ठेकेदाराचा दोष नव्हता असं नाही, पण त्याला सांगितलं होतं तेच त्यानं केलं.

थोडं विषयांतर करतो, कारण या झाडाचा स्वभाव मला कळला तो टेक्सासात नाही. २००३ साली मी उत्तर न्यू मेक्सिकोत, लॉस आलामोसच्या पठारांवर फिरत होतो. तिथं पिन्यन पाइन आणि वन-सीड जुनिपर खांद्याला खांदा लावून वाढतात. पिन्यन म्हणजे चिलगोज्याचा अमेरिकन भाऊ, त्याच्या बिया खातात. आदल्या वर्षीचा दुष्काळ आणि सोबतीची तापलेली हवा अशी होती की डोंगरच्या डोंगर तपकिरी झाले. काही ठिकाणी ९० टक्क्यांहून जास्त पिन्यन मेले. शेवटचा घाव सालीखालच्या भुंगेऱ्यांचा, पण झाडं आधीच खचलेली. जुनिपर मात्र बहुतेक उभे. त्याच दगडावर, त्याच पावसावर.

कारण मजेशीर आहे. पिन्यन हा कोरड लागली की लगेच शटर खाली ओढणारा दुकानदार. पानांची रंध्रं बंद, पाणी वाचतं, पण धंदाही बंद. अन्न तयार होत नाही, आणि राळ करून भुंगेऱ्यांना बाहेर ढकलण्याची ताकद उरत नाही. जुनिपर दुकान उघडं ठेवतो, गिऱ्हाईक थोडं का असेना. त्याच्या लाकडातल्या नळ्या कमालीचा ताण सोसतात, दुसऱ्या झाडाच्या नळ्यांत हवेचे बुडबुडे शिरून पाण्याची धार तुटेल तिथंही त्याची तुटत नाही. आणि अगदीच अंगाशी आलं तर तो एखादी फांदी सोडून देतो. युटाच्या वाळवंटात असे जुनिपर पाहिलेत की खोड सगळं करडं, वाळकं, दगडासारखं, आणि एका बाजूनं चार बोटं रुंदीची जिवंत सालीची पट्टी वर चढत जाऊन एकाच हिरव्या फांदीला पोसते आहे. लोक त्याला अर्धमेलं म्हणतात. ते झाड असंच आणखी काही शतकं काढेल.

असं असलं तरी तो अमर नाही. २०११ च्या टेक्सासच्या दुष्काळात उथळ मातीवरचे ॲश जुनिपरही वाळलेले मी पाहिलेत. तेव्हा ‘सीडर कशानंच मरत नाही’ हेही ऐकू नका.

आता तुमच्या जागेवर येऊ. वरच्या बाजूला, घळीकडे उतरणाऱ्या उतारावर जुनी झाडं असतील. ओळखायची कशी? खोडाला हात लावा. तरण्या जुनिपरची साल घट्ट असते. जुन्याची साल लांब, राखाडी, सुतळीसारख्या पट्ट्यांनी सुटते, नखानं ओढली तर हातभर निघते. या पट्ट्यांवर एका पक्ष्याचा अख्खा संसार चालतो. गोल्डन-चीक्ड वॉर्बलर, सोनेरी गालांचा, आपल्या वटवट्याएवढा चिमुकला पक्षी. जगात तो फक्त टेक्सासात अंडी घालतो. मादी याच जुन्या ॲश जुनिपरची साल सोलून आणते आणि कोळ्याच्या जाळ्यानं विणून घरटं करते. कोवळ्या झाडाच्या सालीचे असे पट्टे निघत नाहीत, म्हणून कोवळं झाड तिच्या कामाचं नाही. मार्चमध्ये हे पक्षी मध्य अमेरिकेकडून येतात, उन्हाळा संपण्याआधी परत जातात. १९९० पासून तो संघराज्याच्या संकटग्रस्त यादीत आहे. तुमच्या घळीत जुने जुनिपर आणि ओक मिसळून असतील तर तो भाग त्याचा अधिवास ठरू शकतो, आणि मग तिथं झाडं तोडणं हा नुसता आवडीनिवडीचा प्रश्न राहत नाही. आधी जाणकाराकडून पाहणी करून घ्या. मी स्वतः अशा जागी, कायदा नसता तरी, करवत नेली नसती.

खालच्या सपाट भागात जी मनगटाएवढ्या खोडांची दाटी आहे, ती वेगळी. ती झाडं गेल्या वीस-तीस वर्षांतली, चराई किंवा शेती सुटल्यानंतरची. तिथं माती त्यातल्या त्यात खोल असते आणि झाडांच्या फटींतून गवताचे ठोंब अजून तग धरून असतात. वाकून बघा. लिटल ब्लूस्टेम थंडीत तांबूस दिसतं, साइडओट्स ग्रामाच्या दांड्याला एकाच बाजूनं बिया लोंबतात. हे ठोंब असतील तिथं झाडं काढा, बिनधास्त. दोन पावसांत गवत उठेल. नसतील तिथं आधी बियाणं आणून ठेवा, मग तोडा.

यंत्र लावायचंच तर सपाटीवर, जमीन कोरडी असताना, आणि झाड जमिनीलगत कातरणारं, मुळासकट उपटणारं नाही. हातानं करणार असाल तर एक सांगतो. जुनिपरच्या सालीत धूळ आणि चुन्याची कच अडकलेली असते. चेनसॉची धार तासाभरात बोथट होते आणि करवतीतून लाकडाच्या चिपा निघण्याऐवजी नुसता भुसा उडायला लागतो. तो दिसला की थांबा, कानस घ्या. बुंध्याच्या कापायच्या जागी कुऱ्हाडीनं साल खरवडून घेतली तर धार दुप्पट टिकते. कापताना आतला जांभळट-लाल गाभा दिसेल, हवेत वास दरवळेल आणि अख्खा दिवस सत्कारणी लागल्यासारखं वाटेल. खुंट उंच ठेवू नका. गवतात लपलेला तिरका खुंट गाडीचं चाक फाडतो, हे मी दोनदा शिकलोय.

फांद्या जाळू नका. उतारावर समपातळीत आडव्या रचा, आपण गावाकडं बांध घालतो तशा. वाहून येणारी माती तिथं अडते, त्या आडोशाला गवत आधी धरतं आणि हरणांच्या तोंडातून वाचलेली ओकची रोपंही तिथंच वर येतात. फक्त घराभोवती निदान तीस फूट असं काहीही ठेवू नका, ना रचलेल्या फांद्या ना जिवंत जुनिपर. त्याच्या पानांत तेल असतं. कोरड्या वाऱ्यात तो पेटतो तेव्हा आवाज होतो, फटाक्यांची माळ लावल्यासारखा. २०११ च्या सप्टेंबरमध्ये ऑस्टिनजवळच्या बॅस्ट्रॉपला आग लागली, १६०० हून जास्त घरं गेली. ते जंगल मुख्यतः पाइनचं, पण पाइनखाली माजलेल्या रेड सीडरनं जमिनीवरची ज्वाळा शेंड्यापर्यंत चढवायला शिडीचं काम केलं.

आणि ओक सांभाळा. ओकला जखम झाली की ओक विल्ट नावाची बुरशी शिरते, आणि लाइव्ह ओकची मुळं एकमेकांत जुळलेली असल्यानं एकाचं दुखणं सगळ्या राईला लागतं. फेब्रुवारी ते जून हा काळ सगळ्यात धोक्याचा. जुनिपर ओढून काढताना ओकची साल खरचटली तर वर्षभरात केव्हाही असो, तिथल्या तिथं रंग फासा.

म्हणजे वेळापत्रक आपोआप ठरतं. मार्च ते ऑगस्ट पक्ष्यांचा, फेब्रुवारी ते जून ओकच्या दुखण्याचा, डिसेंबर-जानेवारी परागांचा. उरतो सप्टेंबर ते नोव्हेंबर. दसरा-दिवाळीच्या सुमारास काम काढा.

परागांचा विषय निघालाच आहे. ॲश जुनिपरमध्ये नर झाड वेगळं, मादी झाड वेगळं. डिसेंबरात काही झाडं गंजल्यासारखी केशरी दिसू लागतात, ती नर. कोरडा उत्तरी वारा सुटला की त्यातून धुरासारखा लोट निघतो. आग लागली समजून लोक बंब बोलावतात. याला इथं ‘सीडर फीव्हर’ म्हणतात, पण ताप सहसा नसतोच. नाक, डोळे, घसा आणि डोकं धरून बसणं. नवीन आलेल्यांना पहिली एक-दोन वर्षं काही होत नाही आणि ‘आम्हाला नाही बुवा त्रास’ म्हणेपर्यंत तिसऱ्या जानेवारीत गाठतं. माझंही तेच झालं. तुमची सगळी झाडं तोडलीत तर फरक पडेल का? नाही. हा पराग वाऱ्यावर कित्येक मैल जातो, आणि तुमच्या पश्चिमेला लाखो एकर उभे आहेत. खिडकीला अगदी चिकटून असलेलं नर झाड काढा, एवढंच. बाकी ॲलर्जीच्या डॉक्टरांना डिसेंबर उजाडायच्या आधी भेटा, जानेवारीत नाक गळायला लागल्यावर नव्हे.

तोडलेल्या लाकडाचं काय? जाड, सरळ तुकडे वेगळे काढा. गाभ्याचे खांब कुंपणाला दशकानुदशकं टिकतात. या टेकड्यांत एके काळी ‘सीडर चॉपर’ म्हणून ओळखली जाणारी कुटुंबंच होती, खांब तोडायची आणि कोळसा पाडायची. ठेकेदार लाकूड नेत असेल तर पैशांतून वजा करायला सांगा. बायॉलॉजीची लॅब केलेल्यांना आणखी एक ओळख पटेल. मायक्रोस्कोपच्या शंभरच्या भिंगाखाली जो चिकट थेंब टाकायचो, ते सीडरवुड ऑइल. ते मूळचं ईस्टर्न रेड सीडरचं. आणि पेन्सिलचा वास म्हणजे तोच वास. पेन्सिलवाल्यांनी पूर्वेकडचा चांगला रेड सीडर असा संपवला की शेतांवरची जुनी कुंपणं विकत घ्यायची वेळ आली, आणि मग ते कॅलिफोर्नियाच्या इन्सेन्स सीडरकडे वळले.

हे सगळं तुमच्या टेकडीपुरतं. तुमचे कुणी स्नेही ओक्लाहोमा किंवा नेब्रास्कात असतील तर त्यांना हे उत्तर पाठवू नका, तिथं माझं मत उलट आहे. तिथल्या प्रेअरीवर, म्हणजे गवताळ मैदानांवर, रेड सीडर खरोखरच गवत गिळतोय. त्यात सरकारचाही हात आहे. १९३० च्या दशकातल्या धुळीच्या वादळांनंतर वारा अडवायला मैदानी राज्यांत १९४२ पर्यंत २२ कोटींच्या आसपास झाडं लावली, त्यांत हाही होता. तिथं झाड कमरेएवढं असतानाच नियंत्रित जाळ लावून मारायचं, पुन्हा फुटत नाही. नेब्रास्काच्या लोएस कॅन्यन्समध्ये शेजारी शेजारी मिळून जाळ लावतात आणि गवत परत आणतात. आपल्याकडं सावड करतात, तसंच. शिवाय सफरचंदाच्या बागा असतील तर रेड सीडर म्हणजे घरातला चोर. एकाच तांबेऱ्याचं निम्मं आयुष्य सीडरवर, निम्मं सफरचंदावर. व्हर्जिनियात १९१४ साली बागांजवळचे सीडर तोडण्याचा कायदा झाला, एक मालक भांडत सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेला आणि १९२८ साली हरला.

ॲरिझोनात गेलात तर ॲलिगेटर जुनिपर जरूर बघा. सह्याद्रीतला ऐन आठवतो का, मगरीच्या पाठीसारख्या चौकटी पडलेल्या सालीचा? तोच डिट्टो, फक्त वर खवल्यांची पानं. तिथल्या मूळ रहिवासी नावाहो लोकांच्या बाजारात जुनिपरच्या बियांच्या माळा मिळतात. मुंग्या आणि उंदीर बीचं एक टोक कुरतडतात, दुसऱ्याला भोक पाडून ओवतात. निळ्या मक्याच्या लापशीत ते जुनिपरच्या हिरव्या डहाळ्यांची राख घालतात, त्यातून कॅल्शियम मिळतं. दुधाची परंपरा नसलेल्या वाळवंटात ही चिमूटभर राख किती मोलाची असेल.

देवदार लावायचाय, असं शेवटी विचारलंत. लावा की. इथं बागांत लावतात आणि चुन्याच्या मातीतही तो बऱ्यापैकी येतो. पण वरच्या दगडावर नको. खालच्या कोपऱ्यात, माती किमान कमरेएवढी खोल असेल तिथं, पाणी साचणार नाही अशी जागा बघून. पसारा तीस-चाळीस फुटांचा होतो, तेव्हा घरापासून आणि विजेच्या तारांपासून लांब. पहिली दोन-तीन वर्षं उन्हाळ्यात पाणी द्यावं लागेल. लावायचा महिना नोव्हेंबर. खड्ड्यावर आच्छादन म्हणून तुमच्याच जुनिपरचा चुरा पसरा, तीन इंच, बुंध्याला न चिकटवता. आणि ठेकेदाराला बोलावण्याआधी एक शनिवार काढून निळी फीत घेऊन जागेवर फिरा. साल सुटलेल्या प्रत्येक खोडाला निळी बांधा. निळ्या फितीच्या दहा पावलांत यंत्र येणार नाही, हे करारात लिहून घ्या.